रोखलेली तलवार : तंजावरच्या एका संवादलेखकाची कारकीर्द

तंजावर म्हटले की मराठी वाचकाला भोसल्यांचे राज्य आठवते, सरस्वती महाल ग्रंथालय आठवते. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीत ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले, त्याच्या सुमारे दीडशे वर्षे आधी शाहराजाच्या दरबारात मराठी नाटके लिहिली जात होती, हेही तो अभिमानाने सांगतो. हे स्मरण योग्यच आहे. पण ते १८५५ साली शेवटच्या राजाच्या मृत्यूपाशी येऊन थांबते. जणू राजवाड्याचे दिवे मालवले आणि तंजावरची नाट्यपरंपराही विझली. वस्तुतः राजवाड्याबाहेरच्या देवळांत, उत्सवांत आणि फिरत्या नाटकमंडळ्यांत ती तमिळमधून चालूच राहिली होती, आणि विसाव्या शतकात कावेरीच्या याच खोऱ्याने तमिळ बोलपटाला त्याचा सर्वांत प्रभावी संवादलेखक दिला. मुथुवेल करुणानिधी (१९२४–२०१८) हे ते नाव.

पाच वेळा मुख्यमंत्री झालेले राजकारणी म्हणून हे नाव महाराष्ट्रात सर्वांना ठाऊक आहे. लेखक म्हणून, आणि त्यातही राजे, सेनापती, दरोडेखोर व द्वंद्वयुद्धे यांनी गजबजलेल्या तलवारपटांचे लेखक म्हणून त्यांचा परिचय आपल्याकडे फारसा नाही. प्रस्तुत लेखात त्यांच्या राजकारणाचा हिशेब मांडावयाचा नाही. तलवारपटासारख्या, वाङ्मयीन समीक्षेने सहसा कनिष्ठ मानलेल्या प्रकारात एका लेखकाने भाषेला कोणते काम दिले, एवढाच प्रश्न येथे आहे. त्याचे माझे उत्तर असे की, करुणानिधींचे उत्तम संवाद तलवार चालते तेथे नाहीत, ती रोखली जाते तेथे आहेत. हात बांधलेल्या माणसाच्या तोंडी त्यांनी जी भाषा घातली, ती त्यांची खरी कमाई होय.

करुणानिधींचा जन्म ३ जून १९२४ रोजी तिरुक्कुवळै या खेड्यात झाला. हे गाव तेव्हा तंजावर जिल्ह्यात होते. आज ते नागपट्टिणम जिल्ह्यात मोडते. घराणे इसै वेळाळर समाजातले, म्हणजे देवळातील नागस्वर, तविल आणि नृत्य यांची परंपरा पिढ्यान्‌पिढ्या सांभाळणाऱ्या लोकांचे. या समाजाची कला देवाला हवी होती, पण कलावंताला मानाची जागा नव्हती. ज्याच्या वाद्यावाचून उत्सव होत नाही त्यानेच सभेत वाकून उभे राहायचे, हा विरोधाभास त्या मुलाने लहानपणीच पाहिला. शाळा तिरुवारूरला झाली. तेथे विद्यार्थिदशेतच हस्तलिखित मासिक काढणे, हिंदीसक्तीविरोधी मोर्च्यात उतरणे आणि १९४२ साली ‘मुरसोली’ हे पत्र सुरू करणे, असा क्रम आहे. पुढे ईरोडला पेरियारांच्या ‘कुडी अरसु’ या पत्रात त्यांनी काम केले. याच काळात ते नाटके लिहीत होते आणि आपल्या काही नाटकांत स्वतः भूमिकाही करीत होते. त्यांना आजन्म चिकटलेले ‘कलैञर’, म्हणजे कलावंत, हे बिरुद रंगभूमीवरचेच आहे. ते त्यांना नटश्रेष्ठ एम. आर. राधा यांच्याकडून मिळाले.

ही पार्श्वभूमी सांगण्याचे कारण असे की, त्यांचे चित्रपटलेखन कॅमेऱ्यासाठी घडलेल्या लेखणीतून आलेले नाही. त्यामागे सभेचे व्यासपीठ आणि खेड्यातील नाटकाचा मांडव आहे. जुन्या तमिळ चित्रपटाच्या श्रेयनामावलीत ‘कदै-वसनम’ असा शब्द येतो. ‘कदै’ म्हणजे कथा आणि ‘वसनम’ म्हणजे आपले ‘वचन’. संवादाला वचन म्हणणाऱ्या भाषेत संवादलेखकाकडून लोकांची अपेक्षाही तशीच असते. त्यांना केवळ बोलणे नको असते. लक्षात राहील, घरी नेता येईल आणि दुसऱ्याला ऐकवता येईल असे बोलणे हवे असते.

त्यांचा पहिला चित्रपट ‘राजकुमारी’ (१९४७). निर्मिती कोइमतूरच्या ज्युपिटर पिक्चर्सची, दिग्दर्शक ए. एस. ए. सामी, आणि नायक एम. जी. रामचंद्रन. रामचंद्रन यांची ही पहिलीच प्रमुख भूमिका होती. त्यांचे बालपण तंजावर जिल्ह्यातच, कुंभकोणम येथे गेले होते. बालनटांच्या नाटकमंडळीतून ते वर आले होते, आणि तलवार व सिलंबम, म्हणजे तमिळ लाठीचे डाव, त्यांच्या अंगात मुरलेले होते. एक लिहिणारा, एक लढणारा. या जोडीचे महत्त्व कळण्यासाठी आपल्याकडच्या एका नटाची आठवण करणे उपयुक्त ठरेल.

मास्टर विठ्ठल हे मूकपटाच्या काळातील मराठी तलवारबहाद्दर. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतून निघालेला हा नट साहसपटांचा अनभिषिक्त राजा झाला. १९३१ साली ‘आलम आरा’ या पहिल्या भारतीय बोलपटाचा नायक म्हणून त्यांची निवड झाली, तेव्हा आधीच्या कंपनीने त्यांना न्यायालयात खेचले आणि त्यांची बाजू बॅरिस्टर जीनांनी मांडली. एवढे करून मिळालेल्या त्या बोलपटात हा नायक फारसा बोललाच नाही. उर्दू-हिंदी संवाद त्यांना पेलत नसल्यामुळे त्यांच्या पात्राला बराच वेळ गुंगीत ठेवावे लागले, असे सांगितले जाते. बोलपट आला आणि तलवारीचा नायक मुका ठरला. मूकपटातील शौर्य ध्वनिपटात कसे आणायचे, हा प्रश्न या उदाहरणात अगदी उघडा पडतो. तमिळ चित्रपटाने सोळा वर्षांनी या प्रश्नाला दिलेले उत्तर असे की, लढणाऱ्या शरीराला एक लेखक जोडून द्यायचा.

‘मरुदनाट्टु इळवरसी’ (१९५०) मध्ये ही जोडी पुन्हा दिसते. पण करुणानिधींची स्वतंत्र दृष्टी प्रथम स्पष्ट झाली ती त्याच वर्षीच्या ‘मंदिरी कुमारी’त. सेलमच्या मॉडर्न थिएटर्सचा हा चित्रपट टी. आर. सुंदरम आणि एलिस डंगन यांनी दिग्दर्शित केला. कथेचा आधार ‘कुंडलकेसी’ हा तमिळच्या पाच महाकाव्यांपैकी एक बौद्ध ग्रंथ. आज त्याचे थोडेच श्लोक उरले आहेत. पालीच्या अभ्यासकांना हीच स्त्री थेरीगाथेच्या परंपरेत भद्रा कुंडलकेशा म्हणून परिचित आहे. दरोडेखोरावर जीव जडलेली, त्याने कड्यावर नेऊन मारण्याचा बेत केला असता त्यालाच खाली लोटणारी, आणि पुढे गावोगाव वादविवादाचे आव्हान देत हिंडणारी अशी ही नायिका आहे.

करुणानिधींनी या कथेभोवती एक राज्य उभे केले. दुबळा राजा, त्याला मुठीत ठेवणारा राजगुरू, सेनापतिपद न मिळाल्याने चिडलेला राजगुरूचा पुत्र पार्थिबन, आणि ते पद मिळालेला शूर वीरमोहन. पार्थिबन गुप्तपणे दरोडेखोरांचा म्होरक्या आहे, आणि लूटमार ही कशी एक कलाच आहे याचे तो मोठ्या ऐटीत समर्थन करतो. ही भूमिका करणारे एस. ए. नटराजन आजही या संवादांमुळे आठवले जातात. नायक रामचंद्रन आहेत, त्यांच्या तलवारीची चकमक आहे, प्रेक्षक टाळ्या वाजवतात. पण चित्रपटाचे नाव नायकावरून नाही. निर्णायक घाव त्याच्या हातून पडत नाही. कड्याच्या टोकावर मंत्र्याची कन्या मरणापूर्वी पतीला तीन प्रदक्षिणा घालू देण्याची याचना करते, आणि तिसऱ्या प्रदक्षिणेला त्याला मागून लोटून देते. तिच्या हाती शस्त्र नाही. पतिव्रतेचा आचार हाच तिने शस्त्र म्हणून वापरला आहे. ज्या धर्माच्या नावाने राजगुरू राज्य चालवतो, त्याच धर्मातील एका विधीने त्याच्या पुत्राचा अंत होतो. तलवारपटाच्या चौकटीत राहून तलवारीला दुय्यम करण्याची ही युक्ती सहज सुचण्यासारखी नाही. मूळ दंतकथेत ती होतीच. पण ती निवडणे आणि तिच्याभोवती सत्तेचा प्रश्न गुंफणे, ही लेखकाची करामत आहे.

‘मनोहरा’ (१९५४) मध्ये हे सूत्र अधिक ताणले गेले आहे. आधुनिक तमिळ रंगभूमीचे एक प्रवर्तक पम्मल संबंध मुदलियार यांच्या गाजलेल्या नाटकावर हा चित्रपट बेतलेला असून दिग्दर्शन एल. व्ही. प्रसाद यांचे आहे. राजा वसंतसेना या स्त्रीच्या आहारी गेलेला आहे. राणी अपमानित आहे. राजपुत्र मनोहर पराक्रमी आहे, पण आईने घातलेल्या शपथेमुळे त्याला हात उचलता येत नाही. दरबारात त्याला साखळदंडांनी जखडून आणतात. या प्रसंगात शिवाजी गणेशन यांनी जे म्हटले ते तमिळ प्रेक्षकांच्या पिढ्यांनी पाठ केले. हे भाषण केवळ शब्दालंकारांमुळे प्रभावी ठरलेले नाही. त्यात यमके आहेत, तोललेली वाक्ये आहेत, एकाच शब्दाला उलटे करून मारलेले टोले आहेत. पण त्या सर्वांना वजन येते ते पायातल्या बेड्यांमुळे. या माणसाच्या अंगात ते दंड तोडण्याचे बळ आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असते, आणि तो ते तोडत नाही हेही प्रेक्षक पाहत असतो. तोडता येत असून न तोडणे या ताणातून वाक्य जन्मते. शेवटी कण्णांबांनी साकारलेली आई स्वतःच शपथेतून त्याला मोकळे करते आणि साखळ्या तुटतात. तेव्हा होणारी हाणामारी जोरकस आहे, पण ती वाङ्मयीन दृष्ट्या उत्तररंगासारखी आहे. खरे युद्ध आधीच भाषेत होऊन गेलेले असते.

या दोहोंच्या मध्ये ‘पराशक्ती’ (१९५२) येतो. शिवाजी गणेशन यांचा हा पहिला चित्रपट, दिग्दर्शक कृष्णन-पंजू. येथे राजे नाहीत आणि तलवारही नाही. महायुद्धाच्या काळात रंगूनहून परतलेला, सर्वस्व लुटला गेलेला गुणशेखरन आणि वैधव्य, भूक व पुजाऱ्याचा अत्याचार यांनी पिचलेली त्याची बहीण यांची ही कथा आहे. तिचा शेवट न्यायालयात होतो, आणि आरोपीच्या पिंजऱ्यातील त्या दीर्घ निवेदनाने तमिळ चित्रपटाचा इतिहास बदलला, असे म्हणण्यात अतिशयोक्ती नाही. त्याच्या ध्वनिमुद्रिका निघाल्या, संवादपुस्तिका विकल्या गेल्या, होतकरू नट तेच निवेदन पाठ करून निर्मात्यांच्या दारात जाऊ लागले. तलवारपटाच्या दृष्टीने पाहता ‘पराशक्ती’ हा त्या प्रकाराचा निष्कर्ष आहे. दरबाराचे न्यायालय झाले, बेड्यांचा पिंजरा झाला, आणि शस्त्र पूर्णपणे गळून पडले. उरला तो बोलणारा आरोपी.

या निष्कर्षाची कसोटी एका विरुद्ध उदाहरणाने घ्यावी. ‘मलैक्कळ्ळन’ (१९५४) हाही करुणानिधींनी लिहिलेला आणि रामचंद्रन यांनी गाजवलेला चित्रपट. नामक्कल कवी रामलिंगम पिळ्ळै यांच्या कादंबरीवरून तो केला होता. राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळवणारा तो पहिला तमिळ चित्रपट. श्रीमंतांना लुटून गरिबांना देणारा, वेषांतर करून वावरणारा हा नायक मोकळा आहे. त्याला कोणी बांधलेले नाही. चित्रपट चपळ आहे, रंजक आहे, आणि दुसऱ्याच वर्षी हिंदीत ‘आझाद’ या नावाने, दिलीपकुमारांना घेऊन, तो सहज पुन्हा उभा राहिला. जो चित्रपट इतक्या सहज भाषा बदलतो, त्याचा जीव भाषेत नसतो. ‘मलैक्कळ्ळन’मधील संवाद स्वच्छ आहेत, पण ते कोणी पाठ केलेले दिसत नाहीत. हात मोकळे असलेल्या नायकाला करुणानिधींच्या लेखणीची तेवढी गरज नव्हती.

या लेखणीचे दोषही सांगितले पाहिजेत. तिच्यात सर्व पात्रे एकाच घाटाचे बोलतात. राजपुत्र, भिकारी, दरोडेखोर आणि राणी यांच्या वाक्यांचा तोल सारखाच असतो. व्यक्ती बाजूला सरते आणि वक्ता पुढे येतो. प्रसंगाला वेग हवा असतो तेथे भाषण अडथळा होते. स्त्रियांना तेजस्वी वाक्ये मिळतात, पण त्यांचे तेज बहुधा शील आणि मातृत्व यांच्या कक्षेतच राहते. ‘मंदिरी कुमारी’ची नायिका ती कक्षा ओलांडते म्हणून ती वेगळी. शिवाय हे लेखन चळवळीचे आहे. १९४९ साली स्थापन झालेल्या द्रविड मुन्नेत्र कळघमचा प्रचार त्यात उघड आहे, आणि राजगुरू, पुजारी ही पात्रे काही वेळा माणसे न राहता लक्ष्ये होतात. असे असूनही त्या वाक्यांचा परिणाम कमी होत नाही, कारण ती बोलणाऱ्याची असहायता खरी असते. ती असहायता लेखकाने तिरुक्कुवळैच्या देवळात पाहिलेली होती.

मराठी ऐतिहासिक चित्रपटाशी तुलना येथे अपरिहार्य होते. भालजी पेंढारकरांनी (१८९८–१९९४) ‘नेताजी पालकर’ (१९३९), ‘थोरातांची कमळा’ (१९४१), ‘बहिर्जी नाईक’ (१९४३), ‘छत्रपती शिवाजी’ (१९५२) या चित्रपटांतून मराठी तलवारपटाला रूप दिले. तेही मुळात लेखकच. त्यांचे संवाद बखरीच्या आणि मावळी बोलीच्या मिश्रणातून आलेले, आखूड, ठसकेबाज आहेत. पण त्यांच्या तलवारीचे स्थान निराळे आहे. ती स्वराज्याच्या सेवेत आहे. ती उगारण्याचा अधिकार कोणी नाकारत नाही. म्हणून भालजींचा संवाद बहुधा आज्ञेचा, निष्ठेचा आणि होकाराचा असतो. करुणानिधींचा संवाद नकाराचा आहे. मराठी लेखकाला सिंहासन आपले वाटते. तमिळ लेखकाला सिंहासनामागे उभा असलेला राजगुरू दिसतो.

या फरकाचा सर्वांत बोलका पुरावा म्हणजे खुद्द शिवाजीमहाराजांवरचे एक तमिळ नाटक. करुणानिधींचे नेते सी. एन. अण्णादुरै यांनी १९४०च्या दशकाच्या मध्यास ते लिहिले. पराक्रमाने राज्य मिळवलेल्या राजालाही अभिषेकासाठी गागाभट्टांच्या संमतीची वाट पाहावी लागते, हा त्यातील पेच. म्हणजे पुन्हा रोखलेली तलवारच. अण्णादुरै यांनी त्यात स्वतः गागाभट्टांची भूमिका केली आणि महाराजांची भूमिका व्ही. सी. गणेशन या तरुण नटाने. ती पाहून पेरियारांनी त्याला ‘शिवाजी’ म्हटले आणि पुढे तेच त्याचे नाव झाले. जोतीराव फुल्यांनी १८६९ च्या पोवाड्यात जो प्रश्न जागा केला होता, त्याच्या जवळचा प्रश्न तमिळ रंगभूमीने आपल्या वाटेने गाठला होता. या शिवाजी गणेशन यांच्या कुटुंबाचे गाव सूरक्कोट्टै हे तंजावरच्या अगदी जवळ आहे. बृहदीश्वराच्या भिंतीवर सरफोजीराजांनी १८०३ साली भोसले वंशाचा इतिहास मराठीत कोरवला. त्याच परिसरातला एक तमिळ नट दीड शतकाने त्या वंशातील श्रेष्ठ पुरुषाचे नाव धारण करून घरोघर पोचला. तंजावरच्या मराठी वारशाची नोंद करताना ही गोष्ट वगळणे योग्य होणार नाही.

करुणानिधींच्या कारकिर्दीचा उत्तरार्ध या सूत्राला दुजोराच देतो. १९५७ साली ते प्रथम विधानसभेत गेले, १९६२ मध्ये तंजावरमधूनच निवडून आले, १९६९ साली मुख्यमंत्री झाले. ज्याने दरबारात जखडलेल्या राजपुत्राला वाणी दिली, तो आता दरबाराच्या उंच बाजूला बसला. १९७२ साली रामचंद्रन पक्षातून बाहेर पडले आणि १९७७ मध्ये त्यांनीच सत्ता मिळवली. लिहिणारा आणि लढणारा समोरासमोर आले. शिवाजी गणेशन मात्र १९८९ साली तंजावरजवळच्या तिरुवैयारुतून पराभूत झाले. करुणानिधी लिहीत राहिले. ऐतिहासिक कादंबऱ्या, कुरळवरील विवेचन, आत्मचरित्र आणि चित्रपटही. २०११ साली त्यांनी लिहिलेला ‘पोन्नर शंकर’ आला. कोंगु प्रदेशातील दोन वीर बंधूंच्या लोकगाथेवरचा हा चित्रपट, शस्त्रविद्येच्या दृश्यांनी भरलेला. तंत्र अद्ययावत होते, तलवारी पूर्वीपेक्षा लखलखीत होत्या. पण प्रेक्षक आता पडद्यावर भाषण ऐकायला येत नव्हते, आणि लेखकाचे हातही साठ वर्षांपूर्वीसारखे बांधलेले नव्हते.

या कारकिर्दीतून मराठी समीक्षेने काय घ्यावे? तमिळ भाषकांनी ‘पराशक्ती’ आणि ‘मनोहरा’चे संवाद छापले, वाचले, पाठ केले, त्यांवर वाद घातले. चित्रपटाचा लेखक हा तेथे भाषेचा लेखक मानला गेला. आपण नाटकाच्या संहितेला वाङ्मय मानतो, लोकनाट्याच्या वगालाही आता मानतो. पण भालजींसारख्याचे संवाद चित्रपटाच्या इतिहासकाराकडे सोपवून मोकळे होतो. वाङ्मयेतिहासात त्यांची जागा तळटीपेची राहते. तंजावरच्या दरबारातील नाटकांच्या बाबतीतही एके काळी असेच घडले होते. ती राजांची करमणूक म्हणून दप्तरांत पडून राहिली, आणि विसाव्या शतकात अभ्यासकांनी ती बाहेर काढली तेव्हा मराठी नाटकाचा आरंभ पुन्हा लिहावा लागला. बोलपटांच्या संहिता ताडपत्रांइतक्या टिकाऊ नाहीत. चित्रफिती तर त्याहून कमी. ‘थोरातांची कमळा’ किंवा ‘बहिर्जी नाईक’ यांतील भाषा वाचायची असेल तर ती कागदावर उतरवून, पाठ निश्चित करून, नाटकाच्या संहितेसारखी संपादित करावी लागेल. हे काम चित्रपटप्रेमींचे नाही, मराठी विभागांचे आहे, आणि ते करण्याजोगी साधने आज हाताशी आहेत तोवरच ते होऊ शकेल.